वरचे दूध आणि आईचा रोज

गेल्या कापूस वेचणीच्या हंगामात परभणी तालुक्यातील झरी या गावी जाण्याचा योग आला. एका घराच्या ओसरीवर बोलत बसलो असता घरातील वृद्ध आजींनी आतून एक पत्र्याचा डबा आणून माझ्यापुढे ठेवला. तान्ह्या मुलांना देतात त्या दुधाच्या भुकटीचा तो डबा होता. तळाशी चार-दोन मापे भुकटी उरली होती. सून वेचणीला गेली होती. तीन महिन्यांचा नातू आजींच्या मांडीवर होता. "भाऊ, ह्यो डबा अंगणवाडीत भेटंल का? सहा महिने झाल्याबिगर लेकराच्या नावानं तिथं काई देत नाईत. मग तवर त्यानं काय प्यावं?" असा त्यांचा सरळ प्रश्न होता. भुकटीच्या एका मापाला पाणी किती घालावयाचे ते डब्यावर छापलेले असते. आजी त्याच्या दुप्पट पाणी घालीत होत्या. त्या निरक्षर असल्या, तरी दुप्पट पाण्याचे कारण अज्ञान हे नव्हते. चार दिवसांचा डबा आठ दिवस पुरवावयाचा होता, एवढेच त्याचे कारण होते.

परतताना बरोबरच्या तरुण कार्यकर्त्याने विषय पुढे नेला. शून्य ते सहा महिने वयाच्या प्रत्येक बालकाला शासनाने अंगणवाडीमार्फत दुधाच्या भुकटीचा डबा मोफत द्यावा, असा ठराव आपण तालुक्याच्या सभेत का मांडू नये, असे त्याचे म्हणणे पडले. कळकळीतून निघालेली ही मागणी आहे आणि वरवर पाहता ती न्याय्यही वाटते. तथापि ती जशीच्या तशी स्वीकारली, तर ज्यांच्यासाठी आपण भांडावयास निघालो त्यांचेच अहित होण्याचा संभव आहे. उलट "आईचे दूध सर्वोत्तम" एवढे भिंतीवर रंगवून जे शासन मोकळे होते त्याचेही समर्थन आपल्याला करता येणार नाही. या दोहोंच्या मधली भूमिका कोणती, हे आपण नीट समजून घेतले पाहिजे.

अंगणवाडी डबा का देत नाही?

एकात्मिक बाल विकास सेवा योजना २ ऑक्टोबर १९७५ रोजी देशातील ३३ प्रकल्पांत सुरू झाली. महाराष्ट्रात तिचा आरंभ मेळघाटातील धारणी येथे झाला. तेव्हापासून आजतागायत सहा महिन्यांच्या आतील बालकाला या योजनेत स्वतंत्र आहार नाही. त्याचा वाटा त्याच्या आईच्या ताटात घातला आहे, असे योजनेचे गृहीत आहे. २०१३ च्या राष्ट्रीय अन्नसुरक्षा कायद्यानेही तेच तत्त्व कायम केले. सहा महिने ते सहा वर्षे वयाच्या बालकाला अंगणवाडीतून मोफत आहार मिळेल. गरोदर स्त्रीला आणि प्रसूतीनंतर सहा महिने स्तनदा मातेला मोफत आहार मिळेल. सहा महिन्यांच्या आतील बालकासाठी निव्वळ स्तनपानाला उत्तेजन द्यावे, अशी त्या कायद्याची वाटणी आहे.

या वाटणीमागे शास्त्र आहे आणि एका मोठ्या जागतिक लढ्याचा इतिहासही आहे. पहिले सहा महिने अंगावरच्या दुधाखेरीज बालकाला पाण्याच्या थेंबाचीही गरज नसते. रोगांशी झुंजण्याचे जे बळ आईच्या दुधातून मिळते ते कोणत्याही भुकटीत नाही. भुकटी कालवावयास स्वच्छ पाणी, ते उकळावयास सरपण वा गॅस आणि बाटली निर्जंतुक करावयास फुरसत लागते. या तिन्ही गोष्टी ज्या घरात नाहीत तेथे तो डबा अतिसाराचे आमंत्रण ठरतो. पाणी वाढवून दिलेल्या दुधाने बालकाचे पोट भरल्यासारखे दिसते. परंतु अंगी काही लागत नाही.

हे सर्व ठाऊक असूनही बहुराष्ट्रीय कंपन्यांनी आशिया-आफ्रिकेतील गरीब देशांत भुकटीचा बाजार मांडला. १९७४ मध्ये 'वॉर ऑन वॉन्ट' या ब्रिटिश संघटनेने या व्यापाराचे वाभाडे काढणारी पुस्तिका प्रसिद्ध केली. १९७७ मध्ये अमेरिकेत नेस्ले कंपनीच्या मालावर बहिष्कार सुरू झाला. अखेर २१ मे १९८१ रोजी जागतिक आरोग्य सभेने या मालाच्या विक्रीसाठी आंतरराष्ट्रीय आचारसंहिता संमत केली. बाजूने ११८ देशांची मते पडली. विरोधात एकच मत पडले आणि ते अमेरिकेचे होते. भारताने संहितेच्या बाजूने मत दिले आणि १९९२ मध्ये त्या दिशेने स्वतःचा कायदा केला. १ ऑगस्ट १९९३ पासून तो अमलात आला आणि २००३ मध्ये तो अधिक कडक करण्यात आला. या कायद्याने भुकटीची जाहिरात करणे, मातांना फुकट नमुने वा भेटवस्तू देणे, दवाखान्यात फलक लावणे, आरोग्यसेवकाला मोबदला देणे हे सारे गुन्हे ठरविले. मुंबईच्या 'अॅकॅश' या ग्राहक संघटनेला या कायद्याखाली फिर्याद करण्याचा अधिकार मिळाला आणि तिने तो वापरलाही.

आता आपल्या ठरावाचा विचार करा. कंपनीला जो डबा फुकट वाटण्याची बंदी आहे तोच डबा शासनाने सरकारी खर्चाने प्रत्येक घरात पोचवावा, अशी ती मागणी होते. कंपनीला जाहिरातीचा एक पैसाही खर्च न करता गावोगावचे गिऱ्हाईक मिळेल आणि अंगणवाडी सेविका तिची बिनपगारी विक्रेती होईल. एकदा वरचे दूध सुरू झाले की बाळ छातीला लागेनासे होते आणि पान्हा आटत जातो. मग डबा सोडू म्हटले तरी सुटत नाही.

पान्हा का आटतो?

एवढे सांगून थांबलो तर आपण त्या भिंतीवरच्या घोषणेहून वेगळे काही सांगितले असे होणार नाही. झरीच्या त्या सुनेला आईच्या दुधाचे महत्त्व कळत नव्हते काय? तिला ते कोणत्याही पोस्टरहून अधिक कळत होते. सव्वा महिना संपला, घरातील उधारी वाढली आणि ती पहाटे भाकरी बांधून कापसाच्या शेतात गेली. बाळ मैलभर दूर. दिवसभर छाती दाटून येते, दूध पदरात गळते. संध्याकाळी ती परत येते तोवर बाळ बाटलीवर निजलेले असते. काही आठवड्यांतच दूध कमी होते. शेजारीपाजारी म्हणतात, हिला दूधच नाही. हिच्या अंगचे दूध वेचणीच्या सरीत राहिले, हे कोणी म्हणत नाही.

या डब्याचा हिशेब मांडून पाहू. चारशे ग्रॅमच्या डब्याला आज चारशे रुपयांच्या आसपास किंमत पडते. तीन महिन्यांच्या बालकाला सांगितलेल्या मापाने भुकटी दिली, तर तो डबा चार दिवसांत संपतो. म्हणजे महिन्याला सात-आठ डबे आणि तीन हजार रुपये. शेतमजूर स्त्रीचा रोज अडीचशे रुपये धरला आणि महिन्यात पंचवीस दिवस काम मिळाले असे उदारपणे मानले, तर तिच्या हाती सव्वासहा हजार येतात. ज्या मजुरीसाठी बाळाला छातीपासून तोडले तिच्यातील जवळजवळ अर्धी मजुरी डब्यात जाते. म्हणून डब्यात पाणी वाढते. आजींच्या दुप्पट पाण्यामागे हे अर्थशास्त्र आहे. ज्यांना ते समजत नाही ते तिला स्वच्छतेचे आणि मापाचे धडे देत बसतात.

आता शासन या मातेला काय देते ते पाहा. २०१७ मध्ये केंद्र सरकारने ठरविलेल्या दराप्रमाणे गरोदर व स्तनदा मातेच्या पूरक आहारासाठी दिवसाला ९ रुपये ५० पैसे. १९६३ मध्ये डॉ. लोहियांनी लोकसभेत तीन आण्यांचा हिशेब मांडून सत्ताधाऱ्यांची झोप उडविली होती. साडेनऊ रुपयांत ६०० उष्मांक आणि १८ ते २० ग्रॅम प्रथिने कोणत्या बाजारात मिळतात, असा प्रश्न आज सभागृहात कोणी विचारीत नाही.

मातृत्व साहाय्याची कथा याहून उद्वेगजनक आहे. अन्नसुरक्षा कायद्याने गरोदर व स्तनदा मातेला किमान ६,००० रुपये देण्याचे मान्य केले. २०१७ मध्ये प्रधानमंत्री मातृ वंदना योजना आली तेव्हा ते ५,००० झाले आणि तेही पहिल्या अपत्यापुरते. पुढे दुसरे अपत्य मुलगी असल्यास ६,००० रुपये देण्याची भर पडली. म्हणजे दुसरा मुलगा झाला, तर आईच्या अंगावर दूध येण्याची शासनाला गरज भासत नाही. त्याच २०१७ मध्ये संसदेने नोकरदार स्त्रीची पगारी प्रसूतिरजा १२ आठवड्यांवरून २६ आठवडे केली आणि सामाजिक सुरक्षा संहितेतही तीच मुदत ठेवण्यात आली. ते योग्यच झाले. २६ आठवडे म्हणजे सहा महिने, आणि निव्वळ स्तनपानाचाही तोच काळ. परंतु शेतमजूर स्त्रीला कोणी मालक नाही. म्हणून तिला रजा नाही. तिचे ५,००० रुपये म्हणजे अडीचशेच्या हिशेबाने वीस रोज. कचेरीत बसणाऱ्या बाईच्या बाळाला सहा महिने दूध हवे आणि कापूस वेचणाऱ्या बाईच्या बाळाला वीस दिवस पुरे, असा अर्थ कोणत्याही कायद्यात लिहिलेला नाही. हिशेबात मात्र तो उतरला आहे.

ऊसतोडीला जाणाऱ्या मातेची स्थिती तर विचारूच नये. मराठवाड्यातून दरवर्षी दसरा-दिवाळीनंतर टोळ्या निघतात. उचल घेतलेली असते आणि नवरा-बायकोचा मिळून एक कोयता मोजला जातो. बाळंतीण असली तरी कोयता अर्धा होत नाही. तिचे नाव मात्र गावच्या अंगणवाडीत राहते. २०२५ पासून घरपोच आहारासाठी चेहऱ्याची ओळख पटविण्याची सक्ती आली. दोनशे-तीनशे किलोमीटरवर उसाच्या फडात असलेल्या बाईने आपला चेहरा झरीच्या अंगणवाडीत कसा न्यावा?

कंत्राटाची वाट

सरकारी पैशाने पाकीटबंद अन्न वाटावयाचे ठरले की पुढे काय होते, याचा अनुभव महाराष्ट्राला आहे. १९७२ च्या दुष्काळात खडी फोडणाऱ्या माणसांना सुकडी मिळाली; तिची चव आजही जुनी माणसे सांगतात. पुढे सुकडी, शिरा आणि उपमा यांची तयार पिठे पाकिटांतून अंगणवाडीत येऊ लागली. सर्वोच्च न्यायालयाने ७ ऑक्टोबर २००४ रोजी या पुरवठ्यातून कंत्राटदारांना दूर ठेवा आणि गावच्या महिला मंडळांना, बचत गटांना काम द्या, असा आदेश दिला. महाराष्ट्रात त्यावर तोड निघाली. न्यायालयाच्या अन्न-आयुक्तांनी २०१२ मध्ये दाखवून दिले की, ज्या महिला संस्थांना कंत्राटे मिळाली त्यांच्या मागे खासगी कंपन्याच उभ्या होत्या. २०१६ च्या निविदेत अटीच अशा घातल्या की लहान बचत गटांना दारातही उभे राहता येऊ नये. ती निविदा २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रद्द ठरविली. ती पाकिटे कित्येक घरांत जनावरांच्या पुढे जात, हे कार्यकर्त्यांना सांगावयास नको. पिठाच्या पाकिटाचे हे झाले. तान्ह्या बाळाच्या भुकटीची निविदा निघाली तर स्पर्धेत किती कंपन्या उरतील आणि त्या कोणत्या असतील, याचा अंदाज करणे कठीण नाही.

याचे मोठे उदाहरण ज्या देशाने १९८१ मध्ये एकट्याने विरोधी मत दिले त्याच देशात आहे. अमेरिकेत गरीब माता व बालकांसाठी 'विक' नावाची पोषण योजना १९७२ मध्ये मंजूर झाली. आज त्या देशात खपणाऱ्या भुकटीपैकी निम्म्याच्या आसपास भुकटी या एका योजनेतून घेतली जाते. प्रत्येक राज्य सवलतीसाठी एकाच कंपनीशी करार करते. २०२२ च्या फेब्रुवारीत त्यांतील एका बड्या कंपनीचा मिशिगन राज्यातील कारखाना दूषित मालाच्या संशयावरून बंद पडला आणि महिनोन्‌महिने दुकानांच्या फळ्या रिकाम्या राहिल्या. त्याची सर्वांत मोठी झळ त्याच योजनेवर जगणाऱ्या गरीब मातांना बसली. त्या देशाने डब्याची सोय केली. परंतु पगारी प्रसूतिरजेचा राष्ट्रीय कायदा आजही केलेला नाही. आईला वेळ द्यावयाचा नाही आणि कंपनीचा डबा द्यावयाचा, ही भांडवलदारी व्यवस्थेला सोयीची तडजोड आहे. आपला ठराव नकळत त्याच वाटेने जातो.

ज्यांना खरोखरच दूध नाही

तथापि येथे एका वर्गाचा विसर पडता कामा नये. बाळंतपणात आई दगावली. आई गंभीर आजारी आहे. बाळ अपुऱ्या दिवसांचे आहे आणि त्याला ओढता येत नाही. अशा बालकासमोर स्तनपानाची महती गाणे निर्दयपणाचे आहे. त्याला वरचे दूध हे औषधासारखे लागते आणि औषधासारखेच मिळाले पाहिजे.

१९९२ च्या कायद्याने याचा विचार केलेला आहे, हे फारसे कोणाला ठाऊक नाही. जी माता स्तनपान देऊ शकत नाही आणि जिला भुकटी विकत घेण्याची ऐपत नाही, तिला माता-बालकांच्या आरोग्याचे काम करणारी संस्था भुकटी देऊ शकते, असे त्या कायद्याच्या आठव्या कलमात स्पष्ट म्हटले आहे. ती कशी द्यावी हे दाखविण्याचा अधिकार फक्त आरोग्यसेवकाला आहे आणि चुकीच्या वापराचे धोके समजावून सांगण्याचे बंधनही त्याच्यावर आहे. म्हणजे दार कायद्याने उघडे ठेवले आहे. परंतु अन्नसुरक्षा कायद्यात या बालकाच्या नावे एक ओळही नाही. आई गेली की तिचा स्तनदा मातेचा आहारही थांबतो आणि सहा महिने पूर्ण झाले नाहीत म्हणून बाळाचा सुरू होत नाही. दोन्ही नोंदवह्यांतून ते बाळ बाहेर पडते. मग शेळीचे दूध, पातळ केलेले गाईचे दूध, उधारीवरचा डबा, जे मिळेल त्यावर ते जगते किंवा जगत नाही.

भुकटीच्याही आधी एक मार्ग आहे. १९८९ मध्ये मुंबईच्या शीव येथील लोकमान्य टिळक रुग्णालयात डॉ. आर्मिडा फर्नांडिस यांनी आशियातील पहिली मातृदुग्धपेढी सुरू केली. एका महापालिकेच्या रुग्णालयात गरीब मातांनीच गरीब मातांच्या बाळांसाठी दिलेल्या दुधाची ही पेढी आहे. सहकाराचे याहून सुंदर उदाहरण सहज सापडणार नाही. असे दूध प्रत्येक जिल्ह्यातील आजारी व अपुऱ्या दिवसांच्या बालकाला मिळाले पाहिजे. ते नसेल तेथे भुकटी.

आपली मागणी

तेव्हा सभेत ठराव मांडावयाचा तर तो पुढील स्वरूपाचा असावा, असे मला वाटते. पहिली गोष्ट, प्रत्येक शेतमजूर व असंघटित स्त्रीला प्रसूतीनंतर २६ आठवड्यांची मजुरी किमान वेतनाच्या दराने मिळावी. त्यात अपत्यांच्या संख्येची वा मुलगा-मुलीची अट नसावी. याला पैसा नाही असे कोणी म्हणेल, तर तमिळनाडूने २०१८ मध्येच आपल्या योजनेचे साहाय्य १८,००० रुपयांपर्यंत नेले होते, हे त्याला सांगावे. पूर्ण मजुरी मिळेपर्यंत तेवढी रक्कम देण्यास महाराष्ट्राला कोणती अडचण आहे?

दुसरी गोष्ट, गरोदर व स्तनदा मातेला गावातच शिजविलेले एक वेळचे चौरस जेवण मिळावे. अमृत आहार योजनेखाली २०१५ पासून राज्याच्या अनुसूचित क्षेत्रांत असे जेवण दिले जाते. शेजारच्या नांदेड जिल्ह्यातील किनवट भाग त्यात येतो. परभणी जिल्हा येत नाही. भुकेला अनुसूचीची सीमा कळत नाही. हे जेवण गावच्या बचत गटाने शिजवावे आणि त्याचा दर बाजारभावाप्रमाणे दरवर्षी वाढावा.

तिसरी गोष्ट पाळणाघराची. आपल्या रोजगार हमीच्या कामांवर पाळणाघराची सोय अभिप्रेत होती. २००५ च्या केंद्रीय कायद्यात तर कामावर सहा वर्षांखालील पाच मुले असली की त्यांना सांभाळणाऱ्या बाईला मजुरी देण्याची तरतूद होती. डिसेंबर २०२५ मध्ये संसदेने त्या कायद्याच्या जागी नवा कायदा आणला. कागदावरचे पाळणाघर जुन्या कायद्याबरोबर गाडले जाऊ नये, यासाठी आपण जागे राहिले पाहिजे. वेचणीच्या आणि उसाच्या हंगामात अंगणवाडीला जोडून पाळणाघर चालवावे आणि तेथील बाईला मानधनाऐवजी वेतन द्यावे.

चौथी गोष्ट, ज्या बालकाला आईचे दूध मिळणे अशक्य आहे त्याला प्राथमिक आरोग्य केंद्रातून, डॉक्टरच्या नोंदीवर, सहा महिने मोफत दूध मिळण्याचा हक्क असावा. भुकटी द्यावयाची तर कंपनीच्या नावाविना, साध्या वेष्टनात आणि वाटी-चमच्याने पाजण्याच्या शिकवणुकीसह द्यावी. बाटली देऊ नये.

ठराव करून घरी जाण्याची सवय मात्र आपण सोडली पाहिजे. प्रत्येक कार्यकर्त्याने आपल्या गावात या महिन्यात तीन याद्या कराव्यात. सहा महिन्यांच्या आतील बालके किती, त्यांच्या आयांपैकी किती जणींना मातृ वंदनेचे पैसे मिळाले, आणि किती बालके वरच्या दुधावर आहेत व कशामुळे. तिसऱ्या यादीत 'आईला दूध नाही' असे लिहून थांबू नये. ती कितव्या दिवशी कामावर गेली ते विचारून लिहावे. खासगी दवाखान्यात डब्याचे नाव चिठ्ठीवर लिहून दिले असेल, तर ती चिठ्ठीही जपून ठेवावी. या याद्या घेऊन पंचायत समितीवर गेलो, तर आपल्या बोलण्याला वजन येईल आणि अंगणवाडी सेविकाही आपल्या बरोबर येईल. कारण उत्तर देण्याची पाळी रोज तिच्यावर येते आणि उत्तर तिच्या हाती नसते.

झरीच्या आजींना त्या दिवशी मी भुकटीत पाणी वाढवू नका, सुनेने रात्री व कामावर जाण्यापूर्वी अंगावर पाजणे सुरू ठेवावे, पुन्हा लावले तर दूध वाढते, एवढे सांगितले. त्यांनी ऐकून घेतले. मग त्या म्हणाल्या, "खरं हाय भाऊ. पर तिला घरी ठिवायची तर तिचा रोज कोन देईल?" आमच्या साऱ्या पोषण योजनांना विचारलेला हा प्रश्न आहे. त्याचे उत्तर डब्यात नाही. ते सरकारच्या अंदाजपत्रकात लिहिले जाईपर्यंत आपल्याला तो विचारीत राहिले पाहिजे.